टांटीचा स्वच्छ केलेला आवाज

माझं काम आवाज काढून टाकण्याचं आहे. लोक लॅपटॉपवर मीटिंगला बसतात तेव्हा मागे कुत्रा भुंकतो, कुकरची शिट्टी होते, शेजारी कुणीतरी भिंतीला ड्रिल मारत असतं. ते सगळं पलीकडच्याला ऐकू जाऊ नये यासाठी जे सॉफ्टवेअर लागतं, त्याच्या टीममध्ये मी आहे. डब्लिनमध्ये, ग्रँड कॅनाल डॉकला आमचं ऑफिस. मार्च २०२० मध्ये ते बंद झालं आणि मी शहराच्या टोकाला, ओंगारच्या घरात, वरच्या लहान खोलीत, इस्त्रीच्या टेबलावर लॅपटॉप मांडून बसायला लागले. सगळं जग एकदम मीटिंगमध्ये जाऊन बसल्यामुळे आमच्या कामाला असा काही भाव आला, की मला थोडी शिंगं फुटली होती. नाही म्हणत नाही.

शेजारच्या घरात एक बाई एकटी राहायची. सत्तरीच्या पुढची, उंच, डोक्याला कायम रंगीत फडकं गुंडाळलेलं. तीन वर्षं आमची ओळख कचऱ्याच्या डब्यांपुरती होती. आज हिरवा काढायचा की काळा, एवढंच. पहिल्या लॉकडाऊनमध्ये घरापासून दोन किलोमीटरच्या पुढे जायची बंदी होती, अक्षय्य तृतीया आली होती, आणि माझ्याकडे पुरणात घालायला जायफळ नव्हतं. मी कुंपणावरून सहज विचारलं. ती आत गेली आणि मूठभर जायफळं घेऊन आली, अख्खी, कवचासकट. मी जायफळाच्या बेटावरची आहे, म्हणाली. कॅरिबियन समुद्रातलं ग्रेनाडा. वेस्ट इंडिज मला ठाऊक होतं ते वडिलांच्या क्रिकेटमुळे. ग्रेनाडा नकाशावर दाखव म्हटलं असतं तर माझं ततपप झालं असतं.

संध्याकाळी मी तिला दोन पुरणपोळ्या दिल्या. तिने त्या चहाबरोबर खाल्ल्या, याबद्दल मी तिला माफ केलं.

इथे सगळे एकमेकांना नावाने हाक मारतात. सत्तरीच्या बाईला नावाने हाक मारायला माझी जीभ रेटेना. तिला सांगितलं तर खूश झाली. तिच्याकडे मोठ्या बाईला टांटी म्हणतात, म्हणजे आपली मावशीच. तेव्हापासून ती टांटी. ती बोलायची इंग्रजीत, तिच्या बेटाच्या इंग्रजीत, पण मला आता सगळं मराठीतच आठवतं, म्हणून तसंच लिहिते.

टांटी कवयित्री आहे हे मला मे महिन्यात कळलं, आणि तेही तिने सांगितलं म्हणून नव्हे. ती मागच्या अंगणात उभी राहून कपडे वाळत घालता घालता काहीतरी म्हणत होती आणि टाचेने फरशीवर ठेका देत होती. मी वर मीटिंगमध्ये होते. खिडकी उघडी होती. आमच्या सॉफ्टवेअरने तिचा आवाज माझ्या साहेबांपर्यंत पोचू दिला नाही, याचा मला त्या दिवशी अभिमान वाटला होता.

तिची आई ग्रेनाडात जायफळाच्या गोदामात निवडायला बसायची. जायफळं पाण्यात टाकायची, बुडेल ते चांगलं, तरंगेल ते पोकळ. शंभर बायका ओळीने बसून निवडायच्या आणि मुकादमाला ऐकू येणार नाही अशा बेताने त्याची चेष्टा करायच्या. टांटी त्यांच्या पायाशी वाढली. एकोणिसाव्या वर्षी नर्सिंग शिकायला इंग्लंडला गेली. दिवसा वॉर्डात बेडपॅन, संध्याकाळी कुठल्यातरी पबच्या माडीवर नाहीतर चर्चच्या हॉलमध्ये कविता. बेटावरच्या बोलीत, टाचेच्या ठेक्यावर. तेव्हा बऱ्याच शहाण्यांनी तिला सांगितलं होतं, की ही कविता नाही, हा तमाशा आहे. ती म्हणायची, मग दोन्ही आहे, तिकीट एकच. पुढे डब्लिनच्या एका बस ड्रायव्हरशी लग्न करून ती इकडे आली आणि तीस वर्षं वाचनालयं, शाळा, जत्रेतले तंबू, मिळेल तिथे उभी राहिली. एकदा चार तास गाडी चालवून लेटरकेनीला गेली, तर ऐकायला अकरा माणसं होती, त्यातली दोन पावसामुळे आत आलेली. ते दोघेच शेवटपर्यंत बसले, असं ती सांगायची आणि हसायची.

पुस्तक एकही नाही. प्रकाशकांनी विचारलं नव्हतं असं नाही. पण तिचं म्हणणं, कागद उलट बोलत नाही. तिच्या गावात गोष्ट सांगणारा मध्येच थांबून म्हणतो, "क्रिक?" आणि ऐकणाऱ्यांनी म्हणायचं, "क्रॅक." उत्तर आलं नाही तर गोष्ट पुढे जात नाही. मी तिला सांगितलं, आमच्याकडे लहान मुलांना गोष्ट सांगताना ते हुंकार देतात, हुंकार थांबला की मूल झोपलं असं समजायचं. तिला हे फार आवडलं. "म्हणजे तुम्हालाही माहीत आहे," ती म्हणाली, "की एकट्याने सांगता येत नाही."

जूनमध्ये तिचा घसा बसला तो उघडेना. जुलैत तपासण्या झाल्या. स्वरयंत्रावर गाठ होती. ऑक्टोबरमध्ये ऑपरेशन ठरलं आणि डॉक्टरांनी आडपडदा न ठेवता सांगितलं, की नंतर आवाज राहणार नाही, राहिला तर कुजबुजीइतका.

तिने हे मला कुंपणाशी सांगितलं. तिला सहानुभूती नको होती. "तू आवाजाचं काम करतेस ना?" तिने विचारलं. "माझ्या सात कविता आहेत ज्या मला राहायला हव्यात. बाकीच्या गेल्या तरी चालेल. ऑपरेशनच्या आत रेकॉर्ड करून देशील?"

आधी कधी रेकॉर्ड केलं नाहीस का, विचारलं. दोन कॅसेट होत्या, घर बदलताना हरवल्या. लोकांच्या फोनवर तुकडे होते, त्यात गर्दीचाच कलकलाट जास्त. म्हणजे जे काही राहणार होतं ते मी करणार त्यावरच राहणार होतं. हे मला तेव्हाही नीट कळलं होतं. कळलं नव्हतं असं म्हणायची सोय मला नाही.

ऑगस्टभर आम्ही आठवड्यातून दोनदा, माझं काम संपल्यावर सहाच्या सुमारास, तिच्या मागच्या अंगणात बसायचो. घरात जायला नको म्हणून बाहेर. मी ऑफिसचा चांगला मायक्रोफोन स्टँडवर लावायची, दोन मीटर लांब प्लास्टिकच्या खुर्चीवर बसायची. टांटी चप्पल काढून फरशीवर उभी राहायची. घसा घोगरा झाला होता, पण उभी राहिली की तो घोगरेपणासुद्धा ती कामाला लावायची.

सगळ्यात मोठी कविता गोदामातल्या बायकांची होती. तिच्यात शब्द तसे थोडेच. टाचेचा ठेका म्हणजे पाण्यात पडणारी जायफळं. मुकादम आला की टांटी दातांवर जीभ दाबून हवा आत ओढायची, लांबलचक, च्च् असा ओला आवाज. आपण नापसंतीला करतो तसाच, पण तिच्याकडे त्या एका आवाजात मुकादमाच्या सात पिढ्यांचा उद्धार व्हायचा. मग ती मोठा श्वास घ्यायची, तो श्वास ऐकू यायलाच हवा असा. आणि मध्यावर एका ठिकाणी ती थांबायची. काही न करता. पहिल्यांदा मला वाटलं विसरली. दहा सेकंद, पंधरा सेकंद. खुर्चीत मी चुळबुळायला लागले तेव्हा हळूच म्हणाली, "क्रिक?"

"क्रॅक," मी म्हटलं. माझा आवाज शाळेत उभं केलेल्या मुलीसारखा आला. मला लाज वाटली. टांटी मात्र लगेच पुढे निघाली, जणू तिला तेवढंच हवं होतं.

सप्टेंबरच्या सुरुवातीला सातही कविता झाल्या. आता हे नीट लिहायला हवं, कारण इथेच मी माती खाल्ली.

आमच्या टीममध्ये एक शिस्त आहे. सॉफ्टवेअर शिकवण्यासाठी आम्ही माणसांचे आवाज वापरतो. ते साफ करून झाले की मूळ आवाज त्याच दिवशी पुसायचे. अनोळखी माणसाचा आवाज आपल्याकडे पडून राहणं बरं नाही, आणि नियमही तसाच आहे. मी ही शिस्त इतकी वर्षं पाळली होती, की घराबाहेर पडताना गॅसची शेगडी बघावी तसा हात आपोआप तिकडे जायचा.

मी टांटीच्या फायली आमच्या नव्या फिल्टरमधून काढल्या. तिला भेट म्हणून. तांदूळ निवडायला बसावं तशी मी दोन संध्याकाळी त्या निवडत बसले होते. शेजारच्या घरातलं गवत कापायचं मशीन गेलं, कावळा गेला, वारा गेला. फिल्टरला श्वास म्हणजे खरखर वाटते, श्वास गेले. टाच म्हणजे कुणीतरी टेबलावर आपटलं, ती गेली. च्च् गेलं. लांब शांतता सॉफ्टवेअर आपण होऊन कापतं, कारण मीटिंगमध्ये शांततेचा कुणाला उपयोग नसतो. आणि माझं "क्रॅक" मी त्याआधीच स्वतः हाताने काढलं होतं, सातही ठिकाणी, कारण एका कवयित्रीच्या रेकॉर्डिंगमध्ये माझ्यासारखीचं काय काम, असं मला वाटलं. तो विनय नव्हता, मला माझ्या आवाजाची लाज वाटत होती.

मग मी मूळ फायली पुसल्या. कचऱ्याची टोपलीही रिकामी केली. मशीन विचारतं, नक्की का. मी हो म्हटलं.

झालेलं काम मी ऐकलंसुद्धा, पण आमच्या पद्धतीने, इथून दहा सेकंद, तिथून दहा सेकंद, खरखर राहिली आहे का ते बघायला. नव्हती. एकेक शब्द सुटा ऐकू येत होता. मी पेनड्राइव्हला लाल रिबीन बांधून टांटीला दिला. तिने तो टेबलाच्या खणात ठेवला. ऑपरेशनच्या आधी ऐकणार नाही म्हणाली, नंतर गरज पडेल तेव्हाच.

ऑपरेशन नीट झालं. नोव्हेंबरमध्ये ती घरी आली तेव्हा गळ्याला पट्टी होती आणि हातात जाड पुठ्ठा आणि मार्कर. पुठ्ठ्यावर प्लास्टिक चिकटवलेलं, लिहायचं आणि फडक्याने पुसायचं. तिला गिळायला त्रास व्हायचा म्हणून मी रव्याची खीर, मऊ भात असं कुंपणावरून द्यायची. ती अंगठा वर करायची. माझा नवरा वरच्या खिडकीतून विचारायचा, "टांटी ग्रँड आहे ना?" इथे बरं असलं की ग्रँड म्हणतात. मी म्हणायची, ग्रँड आहे.

जानेवारीत, पुन्हा सगळं बंद असताना, एका दुपारी तिने मला कुंपणाशी बोलावलं. स्वयंपाकघराच्या खिडकीत तिने स्पीकर ठेवला होता. पुठ्ठ्यावर लिहिलं होतं: आज ऐकू या.

तिने गोदामाची कविता लावली.

मी तोवर ती कविता सलग ऐकली नव्हती. म्हणजे अंगणात ऐकली होती, पण मी केलेली ऐकली नव्हती. स्पीकरमधून एक म्हातारी बाई घोगऱ्या आवाजात, सपाट, एकापाठोपाठ एक वाक्यं म्हणत होती. जसं कुणी सरकारी कचेरीत अर्ज वाचून दाखवतं. पाणी नव्हतं, जायफळं नव्हती, मुकादमाला कुणी हसत नव्हतं. "क्रिक?" असं ती विचारायची आणि कुणी काही बोलायच्या आत स्वतःच पुढे जायची, जणू समोर कुणी नाहीच हे तिला माहीत आहे. चार मिनिटांची कविता अडीच मिनिटांत संपली.

पहिल्या अर्ध्या मिनिटात मला सगळं कळलं होतं. करायला गेले गणपती आणि झाला मारुती, असं आपण हसत म्हणतो, इथे हसण्यासारखं काही नव्हतं. मी टांटीकडे बघितलं. ती कान देऊन उभी होती. तिने सातही कविता ऐकल्या. मग स्पीकर बंद केला आणि बराच वेळ मार्करचं टोपण काढत-लावत राहिली.

शेवटी तिने लिहिलं: मला वाटत होतं उन्हाळ्यात माझ्यात अजून आहे. नव्हतं. आधीच संपलं होतं.

पुसून खाली लिहिलं: तुझं काम मात्र छान झालंय. एकेक शब्द कळतो.

तेव्हा बोलायला हवं होतं. एकच वाक्य लागत होतं: टांटी, हे तू नाहीस, हे मी केलंय. माझ्या तोंडून निघालं, "छान आहे, टांटी. खरंच छान आहे." तिने मान हलवली आणि स्पीकर आत नेला.

त्यानंतर मी दोन आठवडे त्या फायली परत मिळवायच्या मागे होते. पुसलेलं परत आणणारी सॉफ्टवेअर असतात, ती सगळी चालवली. आमच्या ऑफिसच्या लॅपटॉपवर पुसलेलं परत येऊ नये अशीच सोय केलेली असते, आणि ती चोख होती. अति शहाणा त्याचा बैल रिकामा, अशी माझी गत झाली.

नवऱ्याला सगळं सांगितलं. तो म्हणाला, "अगं, आता सांगून काय मिळणार? रेकॉर्डिंग तर परत येत नाही ना? उगाच त्रास होईल तिला." तो वाईट मनाने म्हणाला नव्हता. पण मला तेच ऐकायचं होतं म्हणूनच मी त्याला विचारलं होतं, हे मला बोलता बोलताच कळत होतं. दुसऱ्या कुणाला मी विचारलंच नाही.

मग मी खीर देणं वाढवलं. फेब्रुवारीत एका वाचनालयाने ऑनलाइन कार्यक्रम ठेवला आणि तिला विचारलं, तुमची जुनी रेकॉर्डिंग्ज लावू का. तिने मला ते पत्र दाखवलं आणि पुठ्ठ्यावर लिहिलं: नाही म्हणून कळवलंय. मेलेलं माणूस सजवून बसवायचं नसतं. मी म्हटलं, "असं नको म्हणूस." एवढंच म्हटलं. तिच्याकडे बघायचं मी टाळायला लागले होते. ती अंगणात आली की मला वर काहीतरी काम निघायचं. चोराच्या मनात चांदणं. ती नुसती कपडे वाळत घालत असायची, आणि मला वाटायचं, तिला समजलंय. कपडे घालताना ती आता ठेका धरत नव्हती. खिडकी उघडी ठेवली तरी माझ्या मीटिंगमध्ये पलीकडून काहीच येत नव्हतं.

मेमध्ये नियम सैल झाले, एकमेकांच्या अंगणात जाता येऊ लागलं. टांटीने मला चहाला बोलावलं. टेबलावर पेनड्राइव्ह होता. रिबीन नव्हती. तिने आधीच लिहून ठेवलं होतं: हे पुसून टाक. कायमचं, कुणाला मिळणार नाही असं. तुला येतं ते. मी गेल्यावर कुणी हे लावलं तर लोक म्हणतील, ही अशीच होती.

मी पेनड्राइव्ह हातात घेतला. घरी जाऊन पुसला असता तर विषय संपला असता. कुणाला कधीच कळलं नसतं. मी खरंच उठलेसुद्धा. अंगणाच्या दारापर्यंत गेले. पण तिथून पाय निघेना, आणि मी परत येऊन उभ्या उभ्याच सांगून टाकलं. फिल्टर सांगितला, नियम सांगितला, पुसणं सांगितलं.

तिने हात वर करून मला थांबवलं. मग स्वतःच्या टाचेकडे बोट दाखवलं आणि भुवया वर केल्या. काढली, मी म्हटलं. तिने छातीवर हात ठेवून श्वास घेतला. काढला. तिने बोट दातांवर ठेवलं. तेही. मग ती नुसती थांबून राहिली, आणि मी म्हटलं, हो, थांबणंसुद्धा, सगळ्या जागा कापल्या. शेवटी तिने माझ्याकडे बोट दाखवलं.

"माझं 'क्रॅक' मी सगळ्यात आधी काढलं," मी म्हटलं.

मी शिव्या खायच्या तयारीने उभी होते. टांटी हसायला लागली. आवाज न होता, खांदे हलवत, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. तिने पुठ्ठा ओढला आणि मोठ्या अक्षरांत लिहिलं: म्हणजे मी होते.

"होतीस," मी म्हटलं. "इतकी होतीस की मला खुर्चीत नीट बसवत नव्हतं."

रेकॉर्डिंग गेलं याचं तिला काही वाटलेलं दिसत नव्हतं. तिचा चेहरा असा उघडला होता, की मला तिच्याकडे बघवेना. मी तिला हे केव्हाही देऊ शकले असते. मग तिने खाली लहान अक्षरांत लिहिलं: तुला कधी कळलं?

"जानेवारीत," मी म्हटलं. "तू लावलंस त्याच दिवशी."

तिने मार्करला टोपण लावलं. बोटांवर मोजलं. चार बोटं माझ्यासमोर धरली, आणि तशीच धरून राहिली. मग चहाचे कप उचलून आत गेली. मी पेनड्राइव्ह टेबलावर ठेवून घरी आले.

टांटी अजून शेजारीच राहते. आम्ही बोलतो, डब्यांचं, हवेचं, घशाच्या तपासण्यांचं. ही गोष्ट मी पुढे बऱ्याच जणांना सांगितली आहे, ऑफिसमध्येसुद्धा, शिकवण म्हणून: मूळ फाइल कधी पुसू नका. ऐकणारे म्हणतात, अगं, चूक झाली, माणसाच्या हातून होते. मी मान हलवते. पण मी त्यांना फाइल पुसल्याचंच सांगते, पुढे गप्प राहिले ते चार महिने सांगत नाही. जानेवारीत कुंपणाशी उभी राहून मी "छान आहे" म्हणाले, ती हातून झालेली चूक नव्हती.